पोलंडकरांचं मंगलाष्टक

पोलंडकर आमच्या घरात आले ते फोर्टातल्या फुटपाथवरून. नाना, म्हणजे माझे वडील, विमा कंपनीत कारकून होते आणि ऑफिस सुटल्यावर सरळ घरी येणं त्यांना कमीपणाचं वाटे. वाटेत फुटपाथवर मांडलेली जुनी पुस्तकं चाळायची, विक्रेत्याशी हुज्जत घालायची आणि बहुधा काहीच न घेता चालत गिरगावात यायचं, असा त्यांचा शिरस्ता. त्या संध्याकाळी मात्र डब्याच्या पिशवीतून एक बारीकसं इंग्रजी पुस्तक निघालं. मागच्या बाजूला कवीचा फोटो होता: मोठे कान, ओढलेले गाल आणि अंगात दुसऱ्या कुणाचा तरी वाटावा असा कोट. आईने फोटो निरखून विचारलं, कोण हे, आजारी दिसतात. नाना म्हणाले, पोलंडचे कवी आहेत, मोठ्या लढाईनंतरचे. नाव वाचून दाखवायचा त्यांनी प्रयत्न केला, पण त्यात व्यंजनांची अशी काही गर्दी होती की ते निम्म्यातच थांबले. मग आईनेच बारसं केलं. चिपळूणचे ते चिपळूणकर, तर पोलंडचे ते पोलंडकर. त्यानंतर आमच्या दोन खोल्यांत त्या माणसाला दुसरं नाव राहिलं नाही. अजूनही कुठे त्यांचं खरं नाव छापलेलं दिसलं की मला क्षणभर कुणी परका वाटतो.

पोलंडकर येण्याआधी नाना स्वतःच आमच्या भागातले प्रसिद्ध कवी होते, आणि ही प्रसिद्धी सगळी मंगलाष्टकांची. त्या काळी लग्न ठरलं की खास त्या लग्नासाठी मंगलाष्टका लिहून घेत. दोन्ही घरच्या माणसांची नावं त्यात गुंफायची, सगळं शार्दूलविक्रीडितात बसवायचं आणि प्रत्येक कडवं ‘सावधान’वर आणून सोडायचं, की कार्यालयभर अक्षता उडाल्याच. लोक पेढ्यांचा पुडा आणि नातेवाइकांची नावं घेऊन आमच्याकडे येत. नाना बनियनवर गॅलरीत बसून बोटांवर लघु-गुरू मोजत. शालिनीचं लग्न झालं की तेच कडवं मालिनीला चाले, फक्त वर बदलायचा. मुलगी कुणाचीही असो, ती गुणी, सुशील आणि लावण्यवती असायची. आमच्या शेजारच्या कुंदाने भावाला अडकित्ता फेकून मारला होता, सगळ्या मजल्याने तो आवाज ऐकला होता, तरी तिच्या मंगलाष्टकात नानांनी तिला ‘शांतवदना’ म्हटलं. कारण विचारलं तर म्हणाले, दोन गुरू हवे होते.

हल्ली मंगलाष्टका मोबाइलवर तयार मिळतात. नावं टाकायची, बटण दाबायचं. माझ्या नातवाने मला ते मोठ्या कौतुकाने दाखवलं. मी त्याला सांगितलं की हे यंत्र आमच्याकडे गिरगावात होतं, आणि ते बनियनवर बसायचं.

माझी थोरली बहीण सुधा या सगळ्या मंगलाष्टकांवर वाढली. तिला त्या तोंडपाठ होत्या. वेणी घालताना, तांदूळ निवडताना ती दुसऱ्यांच्या लग्नातली कडवी गुणगुणे, आणि मध्येच एखाद्या मुलीच्या नावाच्या जागी स्वतःचं नाव घालून बघे. वराच्या जागी ती हुंकार भरून पुढे जायची, कारण वर अजून ठरायचा होता. आपल्या लग्नात नाना कसं लिहितील, हे तिने मनात पक्कं धरलं होतं. बाकी साडी, दागिने, जेवणावळ यांतलं तिला काहीच मागायचं नव्हतं. मला त्याचा थोडा हेवा वाटे, कारण माझी पाळी येईपर्यंत नानांचे शब्द संपतील अशी मला भीती होती.

पोलंडकरांची कहाणी आम्हाला हप्त्याहप्त्याने, रात्रीच्या जेवणाला मिळाली. लढाईत त्यांचं गाव जमीनदोस्त झालं. परत आले तर आपली गल्ली कुठली, हेच त्यांना ओळखू येईना. मग काम मिळालं ते ढिगाऱ्यातल्या विटा साफ करण्याचं. हातोडीने विटेवरचा जुना चुना उडवायचा, धड राहिलेली वीट एका बाजूला रचायची, म्हणजे तिच्यातून नवं घर बांधता येईल. नाना सांगत, पुढे हा माणूस लिहायला लागला तेही तसंच. शब्दावरचा चुना उडवायचा. यमक नाही, वृत्त नाही, स्वल्पविराम नाहीत, फुलं, चांदणं, हुंदके नाहीत. चमचा, बटण, जिना, पाव. तिथल्या सरकारला धरणांवर आणि ट्रॅक्टरांवर गाणी हवी होती. पोलंडकर बटणावरच लिहीत राहिले, तर सरकारने त्यांचं छापायचंच थांबवलं. मग ते आपले म्युनिसिपालिटीत कारकुनी करत आणि घरी जाऊन लिहीत. हे ऐकून नानांची छाती जरा पुढे आली, कारकून तेही होते. आईला मात्र पोलंडकर पटले ते वेगळ्याच कारणाने. एका खोलीत ते, बायको, सासू आणि सासूचं शिवणयंत्र असा संसार होता, असं प्रस्तावनेत दिलं होतं. सासूला ठेवून घेतलं म्हणजे माणूस चांगला आहे, असा निकाल आईने दिला आणि नानांना आणखी एक बांगडा वाढला.

एका कवितेने नानांना आडवं केलं. पोलंडकरांची बहीण लढाईत पाव आणायला गेली आणि परत आली नाही, अशी ती कविता. बहीण कशी होती ते कवितेत नाही, कवी रडला की नाही ते नाही. ती कुठल्या दुकानात गेली होती, आणि ते दुकान अजून उघडं असतं, एवढंच आहे. नानांनी ते आम्हाला मराठीत सांगितलं आणि मग बराच वेळ ताटातल्या भाताशी खेळत बसले. दुसऱ्या दिवशी एका गृहस्थाला त्यांनी मंगलाष्टका लिहायला नकार दिला. पेढ्यांचा पुडासुद्धा परत केला, तेव्हा आईला पहिल्यांदा काळजी वाटली.

मग घरात विशेषणांवर बंदी आली. लिहिण्यातली बंदी बोलण्यात कधी उतरली ते आम्हाला कळलंच नाही. नाना मला ‘धाकटी’ म्हणायचे, ते बंद झालं. चहा चहा झाला, तो आता कडक किंवा फिका होत नव्हता. आईने मन लावून तिरफळं घालून बांगड्याचं तिखलं केलं आणि कसं झालंय म्हणून विचारलं, तर नाना म्हणाले, तिखलं आहे. आई मालवणकडची. तिच्याकडे जेवणाला नाव ठेवलेलं चालतं, पण काहीच न म्हटलेलं चालत नाही. दुसऱ्या दिवशी नानांच्या ताटात उकडलेला बटाटा, उकडलेला कोबी आणि भात पडला. खोबरं नाही, फोडणी नाही, मीठसुद्धा नाही. नानांनी मान वर केली. आई म्हणाली, पोलंडकरांच्या पद्धतीने केलंय, सगळा चुना उडवलाय. नानांनी ते अख्खं जेवण एक अक्षर न बोलता संपवलं, हे मला कबूल केलं पाहिजे, पण उठल्यावर ते सोलकढीच्या पातेल्यापाशी घुटमळले, आणि तेव्हा त्यांच्या तोंडून ‘छान’ असं काहीतरी निसटलं. आईने ऐकलं नसल्याचं दाखवलं आणि पातेलं पुढे केलं.

इथे एक आजची गोष्ट सांगून टाकते. मध्यंतरी मी माटुंग्याला सुधाकडे गेले होते, तेव्हा तिच्या सुनेने आम्हाला इंटरनेटवर पोलंडकर शोधून दिले. त्यांच्या दुसऱ्या एका बहिणीच्या मुलीची मुलाखत सापडली. ती सांगते, मामा दर वाढदिवसाला तिला यमक जुळवून लांबच लांब गाणी लिहून द्यायचा, त्यात फुलं, परी, चांदणं सगळं असायचं, आणि कुणाला दाखवू नकोस असं बजावायचा. सुधा आणि मी इतक्या हसलो की सून घाबरली. नानांना हे कळलं असतं तर काय झालं असतं कुणास ठाऊक. कदाचित त्यांनी पोलंडकरांना माफ केलं असतं. आईने तर जन्मभर ऐकवलं असतं.

या बंदीच्या दिवसांतच सुधाचं लग्न ठरलं. ती बँकेत होती आणि बँकेतल्याच वसंताशी तिने ते स्वतः ठरवलं होतं, त्यामुळे आमच्याकडे फक्त हो म्हणायचं काम होतं. वसंताची आई वत्सलाबाई दादरला गाण्याचे वर्ग चालवत. आवाज खणखणीत, उभं राहणंही खणखणीत. बैठकीत त्यांनी मान-पानाचं काही काढलं नाही. एकच गोष्ट बोलल्या, की मंगलाष्टका तुमच्याकडून, तुमचं नाव आम्ही दादरपर्यंत ऐकून आहोत. आणि मग त्यांनी आपल्या घरची नावं सांगायला सुरुवात केली. आत्या, मावश्या, चुलत सासरे, पुण्याचे एक न्यायाधीश. मी सुधाकडे पाहिलं. तिचा चेहरा असा उजळला होता की मला पुढचं सगळं दिसायला लागलं.

वत्सलाबाई गेल्यावर नाना म्हणाले की आपल्याकडून ते होणार नाही. कुणाच्याही मुलीसाठी खोटं लिहिलं ते लिहिलं, पण स्वतःच्या मुलीसाठी कसं लिहू, ही त्यांची अडचण. आईने त्यांना समजावलं, मग दरडावलं, मग आता काय करूचा म्हणत डोक्याला हात लावला. सुधा दोन दिवस नीट जेवली नाही. शेवटी रविवारी सकाळी नाना गॅलरीत दाढी करत होते, तिथे ती जाऊन उभी राहिली.

“नाना, अख्ख्या गिरगावातल्या मुलींना दिलंत. अडकित्ता मारणाऱ्या कुंदाला दिलंत. मला नाही देणार?”

नानांचा वस्तरा गालावरच थांबला. अर्ध्या तोंडाला साबण तसाच होता. शेजारच्या गॅलरीतली माणसंही थांबली, कारण आमच्या चाळीत खाजगी असं काही नसे.

“देईन,” नाना म्हणाले. “पण जे आहे तेच लिहीन.”

“मला तेच हवंय,” सुधा म्हणाली, पण तिला नेमकं काय हवं होतं ते तिलाच माहीत नव्हतं, असं मला आजही वाटतं. तिला शार्दूलविक्रीडित हवं होतं. ते मिळणार नाही हे समजून तिने हो म्हटलं, आणि आत येऊन माझ्या मांडीवर डोकं ठेवून रडली.

त्यानंतर नाना लिहायला बसले ते उठेनातच. ज्या माणसाने चहा गार होण्याआधी एक कडवं पाडावं, तो आठवडे घालवू लागला. लिहायचं, खोडायचं, कागद टाकायचा. लग्नाच्या चकल्या तळणं चालू होतं, तेव्हा आई ते टाकलेले कागद तेल निथळायला घेई. मी एकदा चकलीखालचं वाचायला गेले तर कागदावर फक्त ‘सुधा’ लिहिलेलं, बाकी सगळं खोडलेलं. आईची धास्ती मात्र वेगळीच होती. तिने नानांना विचारलं, तुमच्या त्या मंगलाष्टकाच्या शेवटी सावधान आहे ना? नाना म्हणाले, नाही. मग संपलं ते लोकांना कळणार कसं? नानांनी सांगितलं की पोलंडकरांची कविता संपली की कळतं, शांतता होते. लग्नात शांतता कुठून आणणार, असं आई म्हणाली.

लग्न गिरगावातल्याच एका कार्यालयात होतं. मसालेभाताचा आणि मठ्ठ्यातल्या आल्याचा वास वरच्या मजल्यावर, बोहल्यापर्यंत आला होता. अंतरपाटाच्या एका बाजूला वसंता, दुसऱ्या बाजूला सुधा, तिच्या पाठीशी आमचा मामा. भटजींनी पहिल्या मंगलाष्टका म्हटल्या. मग वत्सलाबाई पुढे झाल्या. नानांचा काही भरवसा नाही हे त्यांच्या कानावर गेलं असावं, कारण त्यांनी स्वतःच लिहून आणलं होतं आणि ते चालीत, हरकतींसकट, माइक धरून म्हटलं. त्यात पुण्याचे न्यायाधीश दोनदा येऊन गेले. लोक खूश झाले. भटजी मात्र घड्याळाकडे बघत होते, मुहूर्त अगदी जवळ आला होता. त्यांनी नानांना खूण केली.

नाना आले आणि त्यांनी माइक हाताने बाजूला सारला. पोलंडकर आवाज न चढवता वाचत, असं प्रस्तावनेत होतं. खिशातून कागद काढून ते नेहमी पेपर वाचत त्या आवाजात म्हणाले, “सुधा सकाळी उठते.” आणि थांबले.

आता मंगलाष्टकात कुणी थांबलं की मराठी माणसाचा हात आपोआप वर जातो. पुढच्या रांगेतल्या एका मावशीने अक्षता टाकल्या. तिचं बघून तिच्या मागच्यांनी टाकल्या, आणि शेवटच्या रांगेने, जिला पहिला शब्दही ऐकू गेला नव्हता, सगळ्यात जोरात टाकल्या. नाना थोडा वेळ वाट बघून पुढची ओळ म्हणाले आणि पुन्हा थांबले. पुन्हा अक्षता. तिसऱ्या ओळीला तर लोकांच्या मुठी रिकाम्या झाल्या, मुलं खालच्या वेचून फेकायला लागली, आणि कुणीतरी टाळ्या वाजवल्या. कार्यालयाच्या दारात बँडवाल्यांचा एक माणूस उभा असतो. शेवटचं सावधान झालं की त्याने हात करायचा आणि बाहेर बँडने सुरू करायचं. त्या बिचाऱ्याने टाळ्या ऐकल्या आणि हात केला. बँड सुरू झाला. वसंताने हार पुढे केला, मामाने सुधाला मागे ओढलं, भटजी ‘थांबा, थांबा’ म्हणत अंतरपाट घट्ट धरून राहिले, आणि वत्सलाबाईंनी डोळे मिटून घेतले. मी शालू खोचून जिन्यावरून धावत सुटले. क्लॅरिनेटवाल्याच्या तोंडातून वाद्य मी अक्षरशः ओढलं.

परत वर आले तोवर नाना कागदाची घडी घालत होते. मी त्यांना इतकं ओशाळलेलं कधी पाहिलं नव्हतं. भटजींना ते म्हणत होते, राहू दे, तुम्ही उरकून घ्या. आणि भटजींनी तोंड उघडलं तेवढ्यात अंतरपाटाच्या मागून सुधाचा आवाज आला. लग्न लागताना नवरी बोलत नाही. आमच्याकडे तर तेव्हा मान वर केलेलीही चालत नसे.

“नाना, परत वाचा. मला ऐकू नाही आलं.”

कार्यालय एकदम गप्प झालं. आईने म्हटलं होतं ती शांतता, लग्नात न मिळणारी, ती अशी मिळाली. भटजींनी घड्याळ बाहीत सारलं. नानांनी घडी उलगडली आणि वाचलं. त्या ओळी मला पाठ आहेत, आणि सुधालाही.

सुधा सकाळी उठते
नळाला पाणी यायच्या आधी उठते
ती बादली भरते
मी झोपेचं सोंग घेतो
बादली भरली की आवाज बदलतो
मग मी उठतो
उद्या नळाला पाणी येईल
बादली कोण भरणार
हे घरात ठरलेलं नाही

कुणी अक्षता टाकल्या नाहीत. मागच्या रांगेत कुणीतरी नाक शिंकरलं. मला हसू येत होतं, कारण बादली कोण भरणार हे मला चांगलंच ठाऊक होतं, आणि त्याच वेळी समोरचं काही नीट दिसतही नव्हतं. अंतरपाटाच्या वर सुधाच्या मुंडावळ्या हलत होत्या. मामाने नंतर सांगितलं की ती रडत नव्हती, ऐकत होती. लाजून नव्हे, बँकेत पैसे मोजताना असते तशी अगदी लक्ष देऊन. तिच्या नावाच्या जागी दुसरी कुठलीही मुलगी बसली नसती, हे तिच्या लक्षात आलं असणार.

पण कविता संपली तरी लग्न लागेना. नाना गप्प, लोक गप्प, भटजींना अंतरपाट काढता येईना. त्यांनी हळूच विचारलं, “नाना, झालं?”

नानांनी मान हलवली, पण ती हो म्हणायला की नाही म्हणायला, ते कुणालाच कळलं नाही. मग त्यांनी एकदा वत्सलाबाईंकडे पाहिलं, एकदा अंतरपाटाकडे, आणि छाती भरून, जुन्या चालीत, गिरगावभर वर्षानुवर्षं म्हटलं तसं म्हटलं, “शुभ मंगल सावधान!” वत्सलाबाईंनी त्यात आपसूक सूर मिसळला. सावधानातला ‘आ’ नानांनी इतका लांबवला की भटजींचा मुहूर्त चुकतो की काय असं झालं. ते सावधान त्यांना संपवायचं नव्हतं. सुधा जायला नको होती, दुसरं काही नाही.

अंतरपाट खाली आला. उरलेल्या अक्षता उडाल्या, बाहेर बँड या वेळी योग्य वेळी वाजला, हार पडले, लोक पंगतीच्या जिन्याकडे वळले. नाना होते तिथेच उभे होते, उजवी मूठ अक्षतांवर मिटलेली. आईने त्यांचा हात धरला आणि म्हणाली, “अहो, टाका आता.”

“टाकतो,” नाना म्हणाले, आणि टाकल्या नाहीत.